डावीकडून तिसरी कोण? नाशिकच्या जुन्या घरांच्या वारसांना खुले पत्र

नाशिकमधल्या जुन्या वाड्यांच्या, चाळींच्या आणि बंगल्यांच्या वारसांनो,

सप्रेम नमस्कार.

गेल्या पावसाळ्याआधी आमच्या गल्लीतला एक वाडा उतरवला. मालकांची चौथी पिढी कधीच गंगापूर रोडला फ्लॅटमध्ये राहायला गेलेली, भाडेकरूंशी तडजोड झालेली, बिल्डरशी करार झालेला. वाडा उतरवताना प्रत्येक वस्तूचा भाव वेगळा ठरतो. सागाच्या तुळईचा वेगळा, नक्षीच्या खांबाचा वेगळा, पितळी कड्या-कोयंड्यांचा वेगळा. माळ्यावरच्या ट्रंकांमधले कागद मात्र सरसकट किलोवर जातात. मी दूध घेऊन परत येत होते, तेव्हा हातगाडीवर एक पत्र्याची ट्रंक दिसली. झाकण निखळलेलं, आणि आतून गुलाबी कागदावर छापलेली नाटकाची जाहिरात डोकावत होती. गाडीवाल्याला थांबवलं, रद्दीत त्याला जे मिळणार होतं ते दिलं आणि ट्रंक घरी आणली. अशा आणखी दोन ट्रंका पहिल्या खेपेतच गेल्या, असं तो म्हणाला.

त्या ट्रंकेत माझी आत्या निघाली.

पोस्टकार्डाएवढा एक काळा-पांढरा फोटो. नाटक संपल्यावर रंगमंचावर ओळीने उभ्या असलेल्या सात बायका, अजून रंग न उतरवलेल्या. डावीकडून दुसरी माझी आत्या. फोटो उलटा केला तर मागे पेन्सिलने, सुवाच्य अक्षरात, एकच शब्द लिहिलेला: ‘डावीकडून’. त्यापुढे काही नाही. कुणीतरी नावं लिहायला बसलं असेल, तेवढ्यात हाक आली असेल, दूध उतू गेलं असेल, आणि ते राहूनच गेलं. त्या फोटोतल्या सहा बायका कोण, हे मला माहीत नाही. त्यांपैकी एखादी तुमच्या घरातली असू शकते, आणि तिचा दुसरा फोटो तुमच्या माळ्यावर असू शकतो. हे पत्र त्यासाठी आहे.

माझ्या आत्याचं नाव इथे लिहीत नाही, कारण घरातल्या काही वडीलधाऱ्यांची आजही त्याला संमती नाही. तिला जाऊन वीस वर्षं झाली तरी नाही. फोटोच्या मागे मात्र मी तिचं नाव, आडनाव, जन्मसाल, सगळं लिहून ठेवलं आहे.

आत्या १९३८ची. आजोबा नाशिकरोडला प्रेसमध्ये होते. गणेशोत्सवातले मेळे, शाळेचं स्नेहसंमेलन, मग हौशी मंडळींबरोबर राज्य नाट्य स्पर्धेतली नाटकं, अशा त्या काळातल्या कुठल्याही मुलीच्या वाटेनेच ती रंगमंचावर आली. फरक एवढाच की बाकीच्या मुली लग्न ठरलं की थांबायच्या, आणि ही थांबली नाही. १९६१ साली ती मुंबईला गेली. गिरगावात लांबच्या नातलगांकडे एका कोपऱ्यात राहून ती दौऱ्याच्या नाटकांमध्ये कामं करू लागली.

तिची एक दोनशे पानी वही माझ्याकडे आहे. निळ्या शाईत हाताने आखलेले सहा रकाने: तारीख, गाव, नाटक, भूमिका, नाईट, बाकी. नाईट म्हणजे एका प्रयोगाचे पैसे, हे नाटकवाल्यांना सांगायला नको. बाकी म्हणजे त्यातले न मिळालेले. मालेगाव, मनमाड, येवला, चाळीसगाव, अमळनेर, चोपडा अशी गावं एकाखाली एक येतात, आणि भूमिकेच्या रकान्यात मोलकरीण, मोठी जाऊ, नर्स, पुन्हा मोठी जाऊ. अख्ख्या वहीत एकच ओळ लाल शाईत आहे. चाळीसगावला मुख्य नटीला ताप भरला आणि दोन तासांत तयारी करून आत्या नायिकेच्या भूमिकेत उभी राहिली. त्या रात्रीची नाईट नेहमीचीच आहे, एक रुपयाही जास्त नाही. बाकीच्या रकान्यातही नेहमीसारखा आकडा आहे. पण ओळ लाल आहे.

याच काळात तिने सात मराठी चित्रपटांत कामं केली. सगळे काळे-पांढरे, काही मुंबईत, काही कोल्हापुरात. कुठे नायिकेची मैत्रीण, कुठे शेजारीण, एकात शाळेची मुख्याध्यापिका. या सातांपैकी एकाच्याच श्रेयनामावलीत तिचं नाव आहे. बाकी सहा ठिकाणी ती ‘आणि इतर’ मध्ये गेली. मराठी चित्रपटाचा इतिहास ज्यांनी लिहिला त्यांनी पुष्कळ कष्ट घेऊन लिहिला, पण त्यांच्यापुढे जी नावं होती तीच ते लिहू शकले. ‘आणि इतर’ मधल्या बायकांचा इतिहास लिहायचा तर साधनं घराघरांतच आहेत, दुसरीकडे कुठेही नाहीत.

मग टेलिव्हिजन आलं. २ ऑक्टोबर १९७२ला मुंबई केंद्र सुरू झालं. आज वाहिन्यांच्या गर्दीत कल्पना येणार नाही, पण त्या पहिल्या काळात संध्याकाळचे काही तास चालणाऱ्या त्या एका केंद्राला रोज नवी माणसं लागत होती. विनायक चासकरांच्या ‘गजरा’सारख्या कार्यक्रमांनी कितीतरी नाटकवाले घराघरांत पोचवले. भक्ती बर्वे, स्मिता पाटील यांचे चेहरे लोकांनी आधी छोट्या पडद्यावर पाहिले, मग मोठ्या कामांतून त्या मोठ्या झाल्या. पण छोट्या नाटिकांमध्ये, बायकांच्या आणि कामगारांच्या कार्यक्रमांत दहा-पंधरा मिनिटांपुरत्या येणाऱ्या माझ्या आत्यासारख्या बायकाही होत्याच. चाळिशीकडे झुकलेली, दौऱ्यांनी थकलेली, आवाज मात्र अजून खणखणीत असलेली बाई दूरदर्शनला हवी होती. नाटकात तिला तोवर जावेच्या भूमिकेतून सासूच्या भूमिकेत ढकललं होतं. इथे तिला माणसाच्या भूमिका मिळाल्या, असं ती म्हणायची.

एक गोष्ट तिच्याकडून इतक्यांदा ऐकली आहे की मला ती तोंडपाठ आहे. एका नाटिकेत तिला विधवेचं काम होतं. ही घरून स्वच्छ पांढरी साडी नेसून गेली. तिला परत पाठवलं. पांढरं चालत नाही, कॅमेऱ्यात भडकतं, शेजारच्या माणसाचा चेहरा काळा पडतो. काळ्या-पांढऱ्या चित्रात पांढरं दिसायचं तर फिकट निळं नाहीतर फिकट पिवळं नेसायचं. मग कुणाची तरी फिकट निळी साडी मागून आणून तिने ते काम केलं, आणि पडद्यावर ती पांढरी दिसली. पुढे तिने स्वतःसाठी तशीच एक फिकट निळी सुती साडी घेतली. ती माझ्या कपाटात आहे. घडीवर विरली आहे, पण रंग तोच आहे.

तीन कॅमेरे, एकच सेट, आणि चुकलं तर पुन्हा पहिल्यापासून. तुकडे जोडणं तेव्हा सोपं नव्हतं, म्हणून नाटिका शक्यतो सलग व्हायची. सिनेमात वाक्य विसरलं तर दुसरा टेक असतो, नाटकात विसरलं तर प्रेक्षक सांभाळून घेतात. इथे ना हे ना ते, म्हणून नाटकवाल्या बायकांना इथे मान होता. हे तिचं म्हणणं, आणि मला ते पटतं.

आणि हे सगळं नाशिकला दिसत नव्हतं. मुंबईचं चित्र सह्याद्री ओलांडून इकडे येत नसे. आत्या काम आटोपून पहाटेच्या गाडीने नाशिकरोडला उतरायची, आणि त्या दिवशी रात्री जेवणं झाल्यावर आमच्या वाड्याच्या चौकात, कंदिलाच्या उजेडात, ती अख्खी नाटिका करून दाखवायची. सगळ्या भूमिका एकटी. कॅमेरा कुठे होता तेही दाखवायची. तुळशीवृंदावन म्हणजे पहिला कॅमेरा, रांजण म्हणजे दुसरा, आणि तिसरा मी. मी आठ वर्षांची होते. मला सांगितलेलं असायचं की हलायचं नाही. आजोबा आतल्या खोलीत दिवा मालवून पडलेले असायचे. झोपलेले नसायचे, कारण एकदा ती एक वाक्य विसरली आणि आतून त्यांचा आवाज आला. वाक्य बरोबर होतं.

याच आजोबांनी घरातल्या मोठ्या फोटोतून आत्याला कात्रीने कापलं होतं. १९६२ साली, काकाच्या लग्नातल्या फोटोतून. आजही तो फोटो भिंतीवर आहे, आणि आजीच्या खांद्यावर एक हात आहे ज्याला माणूस नाही.

हे मी मुद्दाम लिहिते आहे. तुमच्यातल्या कितीतरी घरांत असा फोटो असेल. आजोबा वाईट नव्हते. त्यांना वाक्य पाठ होतं. पण बहिणींची लग्नं व्हायची होती, आणि पंचक्रोशीत ‘यांची मुलगी नाटकात आहे’ म्हटलं की स्थळ परत जायचं. त्या भीतीने किती घरांनी किती बायकांचे कागद चुलीत घातले, याची मोजदाद होणं शक्य नाही. गोदावरीच्या पुरांपेक्षा या भीतीने जास्त नेलं, असं मला वाटतं. आता ती लग्नं होऊन पन्नास-साठ वर्षं झाली. ज्यांची लाज वाटली त्याही गेल्या, ज्यांना वाटली तेही गेले. तुम्हाला आता कुणासाठी काही लपवायचं उरलेलं नाही.

आणि लाज वाटून घेणाऱ्या या गावाचा इतिहास तर नीट आठवून पाहा. २१ डिसेंबर १९०९ला विजयानंद थिएटरात अनंत कान्हेरेंनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या, तेव्हा तिथे ‘शारदा’ नाटकाचा प्रयोग होता, हे नाशिकच्या शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. त्या काळी मोठ्या नाटक मंडळ्यांत स्त्री-भूमिका पुरुषच करत, बाईने रंगमंचावर येणं कुलीन मानलं जात नसे. त्यानंतर चारच वर्षांनी, १९१३ साली, याच नाशिकमध्ये दोन बायका कॅमेऱ्यापुढे उभ्या राहिल्या. ‘राजा हरिश्चंद्र’साठी दादासाहेब फाळक्यांना तारामती मिळेना, शेवटी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंके यांना लुगडं नेसवावं लागलं. ३ मे १९१३ला तो चित्रपट मुंबईत लागला, आणि त्यानंतर फाळक्यांनी आपला बाडबिस्तारा नाशिकला हलवला. इथे केलेल्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची मुलगी कमला. तेव्हा तिचं वय जेमतेम तेरा. भारतीय चित्रपटातल्या पहिल्या नट्या म्हणून या मायलेकींचं नाव घेतात, आणि ते घडलं आपल्या गावात.

कमलाबाईंचं पुढचं आयुष्य माझ्या आत्याच्या वहीसारखंच गावोगावचं आहे. रघुनाथराव गोखल्यांशी लग्न झालं, ऐन तारुण्यात वैधव्य आलं, पदरी तीन मुलं, आणि घर चालवायला रंगमंच. एक मुलगा चंद्रकांत गोखले, नातू विक्रम गोखले. ही दोन नावं आपल्याला पाठ असतात. आजीचं नाव सांगा म्हटलं तर अनेक जण अडखळतात. कमलाबाई १९९८ पर्यंत जगल्या. म्हणजे ज्या बाईने मूकपटाच्या पहिल्याच वर्षी या गावात अभिनय केला, तिला घराघरांत केबल आल्यावरही आपल्यापैकी कुणी भेटू शकलं असतं. माहितीपट करणाऱ्या रीना मोहन भेटल्या, नव्वदीकडे झुकलेल्या कमलाबाईंना त्यांनी कॅमेऱ्यापुढे बोलतं केलं, म्हणून त्यांचा आवाज आणि त्यांची ऐट आपल्याकडे राहिली. ‘मोहिनी भस्मासुर’ मात्र आज कुठेच नाही. ती तेरा वर्षांची मोहिनी कशी नाचली, हे पाहिलेलं आता कुणीही जिवंत नाही.

फाळक्यांची मुलगी मंदाकिनी त्या मानाने दैवाची. १९१९च्या ‘कालिया मर्दन’मध्ये सात-आठ वर्षांच्या या मुलीने कृष्ण केला, आणि त्या चित्रपटाचा बराच भाग शिल्लक आहे. सुरुवातीलाच तिचा चेहरा जवळून दिसतो, एकामागून एक भाव बदलत जातो. शंभर वर्षांपूर्वीच्या नाशिकच्या मुलीचा चेहरा. तो शिल्लक कसा राहिला? फाळके कुटुंबाकडे फितीचे तुकडे होते, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायरांनी ते मिळवून जुळवले. हे संग्रहालय निघालं १९६४ साली, म्हणजे चित्रपट होऊन पंचेचाळीस वर्षांनी. मधली सगळी वर्षं ती फीत घरात होती. एवढी एकच गोष्ट तुम्ही ध्यानात घेतलीत तरी मला पुरे आहे.

कारण बाहेर काहीच टिकलं नाही. जुन्या फिती नायट्रेटच्या, उष्णतेने पेट घेणाऱ्या. काही जळल्या, काही त्यांतल्या चांदीसाठी धुतल्या गेल्या. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी ३,७०० फूट होती, उरली आहे १,४७५ फूट. आपल्या देशात हजाराहून जास्त मूकपट झाले, त्यांतले हाती लागतात ते बोटांवर मोजण्याइतके. टेलिव्हिजनचं तर त्याहून वाईट. टेप महाग, परदेशातून येणारी. कार्यक्रम दाखवून झाला की पुसून त्यावर दुसरा चढवायचा, ही तेव्हाची जगभरची रीत होती. त्यात कुणाचा दुष्टपणा नव्हता, त्या कार्यक्रमाची पन्नास वर्षांनी कुणाला गरज लागेल असं कुणाच्या मनातही आलं नव्हतं. म्हणून १९७०च्या दशकात छोट्या पडद्यावर आलेल्या बायकांची कामं आपण पुन्हा पाहू शकू ही आशा मी सोडली आहे. त्यांचे करारपत्राचे कागद, त्यांची पत्रं, त्यांचे फोटो एवढंच वाचू शकतं. आणि ते आहे तुमच्या माळ्यावर.

आपल्या गावाकडे यातलं जास्त असायचं आणखी एक कारण आहे. ‘गावकरी’ या दैनिकवाल्यांचं ‘रसरंग’ हे सिनेमाचं साप्ताहिक इथून, नाशिकहून निघत होतं. इसाक मुजावरांसारखा संपादक, महाराष्ट्रभर वाचक. मुंबई-कोल्हापुरात चित्रीकरण व्हायचं आणि त्याच्या बातम्या, फोटो, परीक्षणं नाशिकच्या छापखान्यातून बाहेर पडायची. आमच्या लहानपणी दर दुसऱ्या घरात त्याचे अंक असत. काही जण वर्षाचे अंक एकत्र शिवून ठेवत. या अंकांत नुसत्या नायक-नायिका नसतात. मुहूर्ताच्या फोटोखाली बारीक टायपात आठ-दहा नावं असतात, आणि ‘आणि इतर’ मधली बाई तिथे सापडते. माझ्या आत्याच्या सातपैकी दोन चित्रपटांचा पत्ता मला अशाच फोटोओळींत लागला. आमच्याच नात्यातल्या एका घराने असे दोन पोती अंक रद्दीत घातले, दिवाळीची साफसफाई म्हणून. मला कळलं तेव्हा चार दिवस उलटून गेले होते.

ट्रंक उघडल्यावर कागद कधीचा हे कसं ओळखायचं, असं मला पुष्कळ जण विचारतात. त्याला इतिहासकार लागत नाही. चित्रपटाच्या गाण्यांच्या पुस्तिकेवर किंमत आण्यांत असेल तर ती बहुतेक एप्रिल १९५७च्या आधीची. ‘नये पैसे’ असेल तर त्यानंतरची काही वर्षं. पत्त्यात पिनकोड असेल तर कागद १५ ऑगस्ट १९७२नंतरचा, कारण पिनकोडच तेव्हा आला. करारपत्रावर आकाशवाणीचं नाव आहे आणि काम मात्र टेलिव्हिजनचं आहे, असं दिसलं तर गोंधळू नका आणि तो रेडिओचा कागद समजून बाजूला टाकू नका. १ एप्रिल १९७६ला दूरदर्शन वेगळं झालं, त्याआधी टेलिव्हिजन आकाशवाणीचाच भाग होतं. असा कागद सापडला तर तो अगदी सुरुवातीच्या काळातला, म्हणजे फार मोलाचा.

आणि माझ्या हातून जे झालं ते तुमच्या हातून होऊ नये म्हणून सांगते. सप्टेंबर २००८च्या पुरात आमच्या वाड्यात पाणी शिरलं. आत्या चार वर्षांपूर्वी गेली होती, तिची ट्रंक खालच्या खोलीत होती. वही वरच्या कप्प्यात होती म्हणून वाचली. फोटो चिखलात भिजून एकमेकांना चिकटले होते. मी घाई केली. ते तसेच ओढून सुटे केले आणि गच्चीवर कडक उन्हात वाळत घातले. संध्याकाळी जाऊन पाहिलं तर एकाचा चेहरा दुसऱ्याच्या पाठीवर निघून आला होता. बावीस फोटो होते, चार राहिले. नंतर एका जाणत्या छायाचित्रकाराने सांगितलं की असे फोटो स्वच्छ गार पाण्यात भिजत ठेवून अलगद सुटे करायचे, चेहऱ्याची बाजू वर करून जाळीवर सावलीत वाळवायचे. ओढायचे नाहीत. फोटोमागे बॉलपेनने लिहायचं नाही, मऊ पेन्सिलीने लिहायचं. सेलोटेप लावायची नाही, लॅमिनेशन करायचं नाही. आणि फितीची डबी सापडली, तिला उग्र वास येत असेल, तर ती देवघराजवळ किंवा गॅसजवळ उघडू नका. थंड जागी ठेवा आणि पुण्याच्या संग्रहालयाला कळवा.

कागद कुणाला द्यायचे ते तुम्ही ठरवा. पुण्याचं संग्रहालय फोटो, पुस्तिका, भित्तिपत्रकं जतन करतं. आपल्याकडे १८४०पासूनचं सार्वजनिक वाचनालय आहे. पांडवलेण्याच्या पायथ्याशी फाळक्यांचं स्मारक आहे, तिथे या गावातल्या नट्यांसाठी एक दालन असावं असं मला मनापासून वाटतं, आणि त्यासाठी मी माझ्याकडचं सगळं द्यायला तयार आहे. पण देणं ही नंतरची गोष्ट. द्यायचं नसेल तर देऊ नका, तुमचंच आहे. फक्त रद्दीत घालण्याआधी एकदा उघडा. घरात पंचाहत्तरीच्या पुढची एखादी मावशी, काकू, आजी असेल तर तिला शेजारी बसवा, प्रत्येक फोटो तिच्या हातात द्या आणि ती जे नाव घेईल ते मागे लिहा. तिला ऐकू कमी येत असेल, आडनाव आठवत नसेल, तरी ‘मालेगावची ती उंच बाई’ एवढं लिहिलंत तरी चालेल. मी आत्याला हे विचारलं नाही. ती समोर होती, बोलकी होती, आणि मी विचारलं नाही.

तिच्या अस्थी घेऊन रामकुंडावर गेलो, तेव्हा तीर्थोपाध्यायांनी आमच्या घराण्याची नामावळी काढली. लाल कापडात बांधलेली ती वही तुमच्याही घराण्याची असेल. पणजोबांच्या आधीची नावं, कोण कधी आलं, कुणाचं कार्य केलं. गुरुजींनी आत्याचं नाव लिहिलं, वडिलांचं लिहिलं, अविवाहित असं लिहिलं आणि टाक ठेवला. मी म्हटलं, गुरुजी, पुढे नाट्य-चित्र-अभिनेत्री असंही लिहा. सोबतच्या काकांनी माझ्याकडे पाहिलं. गुरुजींनी क्षणभरच विचार केला, मग टाक पुन्हा शाईत बुडवला आणि लिहिलं.

आता त्या फोटोबद्दल.

मागे पडदा आहे, त्यावर रंगवलेली कमान. वर कापडी फलकाचा कोपरा दिसतो, त्यावर ‘…मंडळ, नासिक’ एवढंच वाचता येतं. आत्याच्या दिसण्यावरून मी तो १९५८ ते १९६०च्या सुमाराचा धरते. डावीकडून पहिली बाई ठेंगणी आहे, नऊवारीत, कपाळावर आडवं कुंकू. दुसरी आत्या. चौथी आणि पाचवी सख्ख्या बहिणी असाव्यात, इतक्या सारख्या दिसतात. सहावीच्या हातात पोथी आहे, नाटकातली असेल. सातवी हललेली आहे, चेहरा पुसट आला आहे.

तिसरी मी रोज पाहते. तिने पुरुषाचा वेष केला आहे, धोतर आणि लांब कोट, पगडी काढून काखेत धरली आहे, म्हणून तिची जाड वेणी खांद्यावरून पुढे आली आहे. डाव्या भुवईवर एक तिरका व्रण आहे. तिने आत्याचा हात घट्ट धरला आहे, आणि सातांत एकटी तीच हसते आहे. आत्याच्या वहीच्या मलपृष्ठावर एक पत्ता आहे, नाव नाही, फक्त ‘तिवंधा, दुसरा मजला, मागचा जिना’. तो तिचाच असेल का, ते मला माहीत नाही. तुमच्या घरात भुवईवर व्रण असलेली एखादी आजी होती का?

आपली,
जुन्या नाशकातली एक भाची